फाइल नक्की कोणाकडून आली?

प्रश्न : मी सांगलीत घरूनच हिशेबलेखनाचे आणि चाळीसेक व्यापाऱ्यांची जीएसटी विवरणपत्रे भरण्याचे काम करते. माझा सोळा वर्षांचा मुलगा रात्री माझ्याच संगणकावर गेम खेळतो. त्याने साडेचार हजार रुपयांचा एक नवा गेम 'क्रॅक' करून, म्हणजे नक्कल रोखणारे कंपनीचे डिजिटल कुलूप फोडून, फुकट बसवल्याचे आणि त्यासाठी अँटिव्हायरस बंद केल्याचे गेल्या आठवड्यात कळले. मी रागावले, तेव्हा तो म्हणाला की कंपन्यांच्या कुलपामुळे विकत घेणाऱ्याचाच गेम अडखळतो, क्रॅक करणारे गट लोकांसाठी लढतात आणि मलाही पुढे तेच शिकायचे आहे. शेवटी म्हणाला, "तुझे अकाउंटिंगचे सॉफ्टवेअर तरी तीन वर्षे कुठे विकतचे होते?" यावर मला उत्तर सुचले नाही. माझा मुलगा चोर आहे का? त्याला हा गेम विकत घेऊन द्यावा का?
— एक आई, सांगली

उत्तर : सप्रेम नमस्कार. तुमच्या दोन प्रश्नांच्या आधी, तुम्ही न विचारलेल्या तिसऱ्याचे उत्तर द्यावे लागेल. ते तातडीचे असल्यामुळे हे सदर प्रसिद्ध होण्याची वाट न पाहता त्याचा गोषवारा तुम्हाला आधीच कळवला आहे. इतर वाचकांसाठी तो येथे पुन्हा देतो.

ज्या संगणकावर अँटिव्हायरस बंद करून अनोळखी माणसाची फाइल चालवली गेली, त्याच संगणकावर चाळीस घरांचे पॅन, बँक खात्यांचे तपशील आणि जीएसटी पोर्टलचे पासवर्ड आहेत. तो आता स्वच्छ आहे असे कोणीही छातीठोकपणे सांगू शकणार नाही. अँटिव्हायरस पुन्हा सुरू केला आणि त्याने 'काही सापडले नाही' असे म्हटले, तरी त्यावर विसंबू नका, कारण पहारेकरी झोपलेला असताना आत आलेला मनुष्य पहिले काम हेच करतो, की पहारेकऱ्याच्या वहीत आपले नाव 'ओळखीचा' म्हणून लिहून ठेवतो. विंडोज सिक्युरिटीच्या सेटिंगमध्ये 'एक्स्क्लूजन्स' नावाची, अँटिव्हायरसने तपासायचे नाही अशा फाइलींची यादी असते, ती मुलाला शेजारी बसवून उघडा. गेमचा अख्खा फोल्डर तिथे घाला, अशी सूचना या फाइलींसोबत सर्रास येते.

संगणकाचे इंटरनेट आधी तोडा. नंतर तुमच्या फोनवरून पासवर्ड बदला, तेही या क्रमाने : ईमेल, बँक, जीएसटी आणि आयकर पोर्टल. प्रत्येक ठिकाणी 'सर्व उपकरणांवरून लॉग आउट' हा पर्याय असेल तर तो वापरा. आपल्याकडे ओटीपी येतो म्हणून निर्धास्त राहू नका, कारण ब्राउझरमधल्या कुकी (लॉग-इन लक्षात ठेवणाऱ्या छोट्या नोंदी) चोरणारे प्रोग्रॅम तुमचे आधीच झालेले लॉग-इन तसेच्या तसे उचलून नेतात आणि ओटीपी विचारण्याची वेळच येत नाही. त्यानंतर हिशेबाचा डेटा, एक्सेल आणि पीडीएफ एवढेच बाहेरच्या डिस्कवर घ्या, एकही प्रोग्रॅम घेऊ नका, आणि विंडोज नव्याने टाका. डिजिटल स्वाक्षरीचे टोकन सकाळी यूएसबीत खोचून रात्रीपर्यंत तसेच ठेवण्याची सवय तुमच्या व्यवसायात बहुतेकांना असते. ते सही झाली की काढून खणात ठेवायचे आणि त्याचा पिन स्वच्छ संगणकावरून बदलायचा.

ही भीती अकारण नाही. जून २०२१ मध्ये अवास्ट या अँटिव्हायरस कंपनीने 'क्रॅकोनॉश' नावाच्या एका प्रोग्रॅमचा माग प्रसिद्ध केला. 'जीटीए ५', 'एनबीए २के१९' अशा गाजलेल्या गेमच्या क्रॅक केलेल्या प्रतींतून तो जगभरातल्या दोन लाख बावीस हजारांहून अधिक संगणकांत शिरला होता आणि त्यांतले तेरा हजारांहून अधिक संगणक भारतातले होते. त्याची पद्धत पाहण्यासारखी आहे. तो विंडोज 'सेफ मोड'मध्ये सुरू करायला लावत असे. त्या अवस्थेत अँटिव्हायरस चालत नाही, आणि तेवढ्यात तो त्यालाच पुसून टाकत असे. पुढे संगणक मालकाच्या विजेवर आकडेमोड करून मोनेरो हे आभासी चलन कमावत बसत असे. गेम मात्र व्यवस्थित चालत होता, त्यामुळे कोणाला संशय येत नव्हता.

आता चिरंजीवांच्या युक्तिवादाकडे येऊ. तो थातुरमातुर नाही आणि आपण त्याचे म्हणणे नीट ऐकले, एवढे तरी त्याला जाणवायला हवे, कारण कुलपांविषयी तो जे बोलला त्यातले बरेचसे खरे आहे.

आज ज्या कुलपाची सर्वांत जास्त चर्चा होते ते म्हणजे डेनुवो. ऑस्ट्रियातल्या साल्झबुर्गच्या कंपनीने बनवलेले हे संरक्षण २०१४ च्या 'फिफा १५' पासून बाजारात आले. गेम विकणाऱ्या स्टीमसारख्या ऑनलाइन दुकानाचे स्वतःचे कुलूप असतेच. डेनुवो हे त्या कुलपावर चढवलेले चिलखत म्हणता येईल. गेम प्रथम सुरू होताना ते तुमच्या संगणकाच्या भागांवरून एक ठसा तयार करते, तो सर्व्हरकडे पाठवते, तिथून फक्त त्याच संगणकासाठीचा परवाना आणते आणि पुढे गेम चालू असतानाही अधूनमधून हा ठसा जुळतो का हे तपासत राहते. या तपासण्या गेमच्या कोडमध्ये इतक्या गुंतवलेल्या असतात की फोडणाऱ्याला अख्खी वीण उसवावी लागते. परंतु हेच गुंतागुंतीचे काम प्रामाणिक ग्राहकाच्या संगणकालाही करावे लागते. २०२१ च्या अखेरीस इंटेलचे बाराव्या पिढीचे प्रोसेसर आले, त्यांत दोन प्रकारचे कोअर (प्रोसेसरमधले आकडेमोड करणारे भाग) होते; डेनुवोच्या काही आवृत्त्यांनी दुसऱ्या प्रकारचे कोअर म्हणजे दुसराच संगणक आहे असे समजून रीतसर विकत घेतलेले गेम अडवले. त्याच वर्षी 'रेसिडेंट ईव्हिल व्हिलेज' हा गेम ऐन लढाईत अडखळतो अशी ओरड झाली. कुलूप काढलेल्या प्रतीत तो अडखळत नाही हे डिजिटल फाउंड्री या तपासणी करणाऱ्या चमूने दाखवून दिले आणि जुलैमध्ये कॅपकॉम कंपनीने आपल्या संरक्षण तंत्रात सुधारणा केल्याचे जाहीर करून दुरुस्ती पाठवली. मुलाच्या डोक्यात बहुधा हेच प्रकरण असणार.

जुन्या काळातली उदाहरणे याहून बोलकी आहेत. सीडीवर येणाऱ्या शेकडो गेमना 'सेफडिस्क' नावाचे संरक्षण असे. २०१५ मध्ये विंडोज १० आली तेव्हा सुरक्षेला धोका म्हणून त्याचा ड्रायव्हर (ते संरक्षण चालवणारा छोटा प्रोग्रॅम) वगळण्यात आला आणि मूळ सीडी जपून ठेवलेल्यांचे गेम बंद पडले. क्रॅक केलेल्या प्रती मात्र चालत राहिल्या. २००८ मध्ये 'स्पोअर' हा गेम फक्त तीनदा बसवता येईल अशी अट घालून विकला गेला. संतापलेल्या ग्राहकांनी ॲमेझॉनवर एकेका ताऱ्याचा पाऊस पाडला आणि तरीही तो त्या वर्षीच्या सर्वाधिक चोरल्या गेलेल्या गेमपैकी एक ठरला. चोर सोडून संन्याशाला सुळी म्हणतात ते हेच. त्याच वर्षीच्या जुलैमध्ये तर कहर झाला. युबिसॉफ्टच्या 'रेनबो सिक्स व्हेगस २' या गेमची डाउनलोड करून घेतलेली प्रत सीडी मागून अडत होती, म्हणून कंपनीने एक दुरुस्ती दिली. कोणीतरी ती फाइल उघडून पाहिली, तेव्हा ती 'रीलोडेड' या क्रॅक करणाऱ्या गटाचीच निघाली. ज्यांच्यापासून बचाव करायचा त्यांचेच काम उचलून कंपनीने ग्राहकांना दिले होते.

मग कंपन्या कुलपावर पैसे का घालवतात? कारण पहिले काही आठवडे. डेनुवो असलेल्या ८६ गेमच्या विक्रीचा अभ्यास २०२४ मध्ये प्रसिद्ध झाला. गेम बाजारात आल्यावर पहिल्याच आठवड्यात फोडला गेला, तर एकूण उत्पन्नात सरासरी सुमारे २० टक्के घट होते, आणि बारा आठवड्यांनंतर फोडला गेला तर जवळपास काहीच फरक पडत नाही, असा त्याचा निष्कर्ष आहे. आपल्या आंब्याच्या व्यापाऱ्याला हे वेगळे समजावून सांगावे लागणार नाही : पहिल्या पेटीचा भाव शेवटच्या पेटीला मिळत नाही. हे कुलूप कायमचे टिकावे अशी बनवणाऱ्यांचीही अपेक्षा नसते. त्याने हंगामाची सुरुवात सांभाळली की झाले. या आकड्याकडे मी तुमच्या दुसऱ्या प्रश्नाच्या वेळी परत येणार आहे.

'गट लोकांसाठी लढतात' या वाक्यापाशी मात्र मुलाची गाडी घसरली आहे. हे गट कमोडोर ६४ या ऐंशीच्या दशकातल्या घरगुती संगणकाच्या काळापासून आहेत. 'रेझर १९११' हा नॉर्वेत १९८५ साली आणि 'फेअरलाइट' हा स्वीडनमध्ये १९८७ साली सुरू झाला. फोडलेल्या गेमच्या सुरुवातीला हे लोक आपल्या नावाची रंगीत चित्रफीत आणि एखादी धून लावत, आणि या सह्यांचीच पुढे एक स्वतंत्र कला झाली. 'डेमोसीन' नावाच्या त्या कलेला फिनलंडने २०२० मध्ये आपल्या जिवंत वारशाच्या राष्ट्रीय यादीत जागा दिली. मला स्वतःला त्या धून आवडतात, हे आईच्या पत्राला उत्तर देताना कबूल करावे की नाही असा विचार करत होतो. पण वसतिगृहाच्या खोलीत मार्करने नावे लिहिलेल्या सीड्यांची पिशवी फिरत असे आणि त्यांतली एक माझ्याही कपाटात होती, तेव्हा सोवळेपणाचा आव आणण्यात अर्थ नाही.

त्यांची स्पर्धा आपापसांत असते : अमुक कुलूप आधी कोणी फोडले. २०११ मध्ये पोलंडच्या सीडी प्रोजेक्ट कंपनीने 'द विचर २' हा गेम आपल्या गॉग या ऑनलाइन दुकानात अजिबात कुलूप न लावता विकला आणि पेटीतून डिस्कवर विकलेल्या प्रतीला मात्र कुलूप होते. चोरांना तीच सोपी, म्हणून बिनकुलपाची प्रत पसरेल असा कंपनीचा अंदाज होता. पसरली ती पेटीतली, कुलूप फोडलेली. उघड्या दारातून जाण्यात कसले आले आहे कौतुक? लोकांसाठी लढणाऱ्याने बिनकुलपाची प्रत उचलली असती. शिवाय यांतल्या अनेक गटांच्या माहितीपत्रकातच 'गेम आवडला तर विकत घ्या' असे लिहिलेले असते. मुलाने ती फाइल उघडून वाचली आहे का, हे त्याला सहज विचारा.

माझा खरा मुद्दा याच्या पुढचा आहे. हे गट आपले काम आपल्या खासगी सर्व्हरांवर ठेवतात. सांगलीतल्या मुलाला ते पाठवत नाहीत. तिथून ते कोणीतरी बाहेर काढतो, दुसरा कोणी आकाराने लहान करून 'रिपॅक' बनवतो, तिसरा टोरंटवर, म्हणजे लोक फाइली आपापसांत वाटतात त्या जाळ्यावर, चढवतो, चौथा त्याच नावाचे नकली संकेतस्थळ काढून त्यावर हिरवे 'डाउनलोड' बटण लावतो. मुलाचा विश्वास पहिल्यावर असतो आणि फाइल येते चौथ्याकडून. 'बंद करा तुमचा अँटिव्हायरस, तो खोटा इशारा देतो' हे वाक्य प्रामाणिक क्रॅकसोबतही असते, कारण अशा फाइली अँटिव्हायरसला खरोखरच संशयास्पद वाटतात, आणि विषारी फाइलीसोबतही अगदी तेच वाक्य असते. दोन्हींतला फरक सोळाव्या वर्षी ओळखता येत नाही. मला पन्नाशीत येत नाही. त्याच्याशी बोलताना नीतीपेक्षा या प्रश्नापासून सुरुवात करा, की बाबा रे, ही फाइल नक्की कोणाकडून आली? त्याला उत्तर देता येणार नाही, आणि तो हुशार असल्यामुळे ते त्याला बोचेल.

चोर या शब्दाविषयी. आपल्या कायद्यात ही चोरी नव्हे, कॉपीराइटचा भंग आहे. तरीही तो गुन्हाच आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ६३ब नुसार बेकायदा प्रत आहे हे माहीत असून संगणकावर प्रोग्रॅम वापरणाऱ्याला किमान सात दिवस ते कमाल तीन वर्षे कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख रुपये दंड होऊ शकतो. २०१२ च्या दुरुस्तीने आलेले कलम ६५अ हे हक्कभंगाच्या हेतूने संरक्षण फोडणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद सांगते. टोरंटने एखादी गोष्ट उतरवताना तिचे तुकडे तुमच्या संगणकावरून इतरांना वाटलेही जातात, त्यामुळे 'मी फक्त घेतले' हा बचावही लंगडा पडतो. प्रत्यक्षात घरी खेळणाऱ्या मुलाच्या दारात पोलीस येण्याची शक्यता फार कमी आहे, आणि ती भीती घालून तुम्ही त्याला काही पटवू शकाल असे मला वाटत नाही.

मात्र त्याच कलम ६३ब मध्ये एक सवलत आहे आणि ती तुम्ही दोघांनी एकत्र वाचावी. प्रोग्रॅमचा वापर कमाईसाठी किंवा व्यवसायात केलेला नसेल, तर न्यायालय विशेष कारणे नोंदवून कैद माफ करू शकते आणि पन्नास हजारांपर्यंतच्या दंडावर भागवू शकते. ही सवलत तुमच्या मुलाला लागू होण्यासारखी आहे. तीन वर्षे ज्या सॉफ्टवेअरवर तुम्ही लोकांचे हिशेब लिहिले आणि त्याचे पैसे घेतले, त्याला ती लागू होत नाही. मुलाने फेकलेला टोला कायद्याच्या दृष्टीने त्याला वाटला त्याहून अचूक बसला आहे. तुम्हाला उत्तर सुचले नाही ते बरेच झाले, कारण 'तेव्हा परिस्थिती नव्हती' हे उत्तर दिले असते तर त्याच्याकडेही साडेचार हजार नाहीत. 'ते माझे चुकले, आता परवाना घेतला आहे आणि हे त्याचे बिल' एवढेच सांगा. परवाना अजून घेतलेला नसेल, तर संगणक नव्याने लावताना हीच वेळ आहे. गेमचा विषय त्यानंतर काढा. त्याआधी काढलात तर तुमचे अर्धे बोलणे वाया जाईल.

गेम विकत घ्यावा का? माझ्या मते आज घेऊ नये. आठवडे मोजणारा तो अभ्यास इथे कामाला येतो. कुलूप पहिल्या हंगामासाठी असते, त्यामुळे अनेक कंपन्या पुढे स्वतःच ते काढून टाकतात. 'डूम' हा गेम मे २०१६ मध्ये डेनुवोसह आला आणि डिसेंबरमध्ये कंपनीने एका दुरुस्तीतून ते काढले. तोपर्यंत सुरुवातीच्या चुका दुरुस्त झालेल्या असतात आणि दिवाळी, नाताळ किंवा उन्हाळ्याच्या सवलतीत किंमतही बरीच उतरते. थांबणाऱ्याला तोच गेम स्वस्त, दुरुस्त आणि पुष्कळदा बिनकुलपाचा मिळतो. मुलाला ज्याचा राग आहे ते कुलूपही त्यात नसते. स्टीमवर भारतीय रुपयांत किमती आहेत, आणि खरेदीपासून चौदा दिवसांत व दोन तासांहून कमी खेळून झाले असेल तर पैसे परत मागता येतात. संगणक जुना आहे, चालेल की नाही ठाऊक नाही, या शंकेसाठी फुकटच्या प्रतीची गरज उरत नाही. गॉगवरचे गेम आजही कुलपाशिवाय मिळतात आणि त्यांची फाइल डिस्कवर जपून ठेवता येते. कुलपाविरुद्ध मत नोंदवायचे असेल, तर तिथे दिलेले पाचशे रुपये त्याचे काम करतात. त्याच्या वाढदिवसाला अशा एखाद्या खरेदीची रक्कम ठरवून द्या आणि निवड त्याची त्याला करू द्या.

थांबणे सोळाव्या वर्षी अवघड असते, हे मान्य आहे. वर्गातले सगळे आज तोच गेम खेळत असतील, तर वर्षभराने स्वस्त मिळाल्याचा आनंद थंडगारच.

राहिला त्याचा 'हेच शिकायचे आहे' हा मुद्दा. हे वाक्य तुम्हाला झोंबले आहे असे पत्रावरून दिसते. मला पत्रातली तीच सर्वांत चांगली बातमी वाटली. तयार प्रोग्रॅम उसवून तो आतून कसा चालतो हे पाहण्याचे कौशल्य व्हायरसचा तपास करणाऱ्यांना लागते, आणि क्रॅकोनॉशचा माग अवास्टच्या माणसांनी याच रीतीने काढला. आपल्या कायद्यातल्या त्याच कलम ६५अ ने मालकाच्या परवानगीने केलेली सुरक्षा तपासणी आणि सांकेतिक लिपीचे संशोधन यांना स्पष्ट सूट दिलेली आहे. या कामाचे 'गिड्रा' नावाचे साधन अमेरिकेच्या राष्ट्रीय सुरक्षा संस्थेने मार्च २०१९ मध्ये सर्वांसाठी खुले केले आणि ते फुकट आहे. 'क्रॅकमी' नावाचे लहान लहान प्रोग्रॅम तर मुद्दाम फोडण्यासाठीच लिहिलेले असतात : आत एक पासवर्ड लपवलेला, तो शोधून काढायचा, आणि त्यात कोणाचेच नुकसान नाही. ज्याला क्रॅक करायला शिकायचे आहे त्याने आजवर दुसऱ्याची तयार फाइल फक्त कॉपी करून पेस्ट केली आहे, हे त्याला एकदा हसत हसत सांगायला हरकत नाही.

यासाठी त्याला वेगळा संगणक लागेल. आठ-दहा हजारांत मिळणारा जुना ऑफिसचा डेस्कटॉप त्याला पुरे. तो मोडला, त्यात व्हायरस शिरला, तरी पुन्हा विंडोज टाकायचे काम त्याचे. वायफायसाठी राउटरमध्ये 'गेस्ट नेटवर्क' हा पर्याय असेल तर त्याचा संगणक त्यावर ठेवा. तुमच्या कामाच्या संगणकावर मात्र यापुढे पासवर्ड तुमचा, आणि घरातल्या इतर कोणाचेही खाते नको, अगदी शाळेच्या प्रकल्पाची एक प्रिंट काढण्यापुरतेही.